आखाडा आणि कॅमेरा : सावेदादांच्या कुस्तीपटाचा विचार

भारतीय चित्रपटाच्या इतिहासाचा आरंभ सामान्यतः दादासाहेब फाळके यांच्या १९१३ सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रापासून धरण्यात येतो. कथाचित्रापुरते हे योग्यच आहे. परंतु त्याच्या चौदा वर्षे आधी एका महाराष्ट्रीय छायाचित्रकाराने चलच्चित्राचा कॅमेरा रोखला होता, तो पौराणिक कथेवर नव्हे, तर कुस्तीवर. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा (१८६८–१९५८) यांच्या त्या प्रयत्नाचे ऐतिहासिक मूल्य तपासणे हा प्रस्तुत टिपणाचा हेतू आहे.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंच्या चित्रफितींचा खेळ झाला. छायाचित्रणाचा व्यवसाय करणाऱ्या सावेदादांना या नव्या कलेने आकृष्ट केले व त्यांनी इंग्लंडहून २१ गिनींस कॅमेरा मागविला. १८९९ साली हँगिंग गार्डन येथे पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. फीत धुण्यासाठी विलायतेस पाठवावी लागली.

कुस्तीच का निवडली गेली, याचे उत्तर साधनांच्या मर्यादेत सापडते. कॅमेरा एका जागी स्थिर, चित्रण सूर्यप्रकाशावर अवलंबून आणि फीत एक-दोन मिनिटांपुरतीच. अशा स्थितीत आखीव जागेत, उघड्यावर आणि अखंड हालचालीने रंगणारा खेळ हाच सर्वांत सोयीचा विषय होय. १७ मार्च १८९७ रोजी अमेरिकेतील कार्सन सिटी येथे कॉर्बेट व फिट्झसिमन्स यांची मुष्टियुद्धाची लढत एनॉक रेक्टर यांनी चित्रित केली होती. तेथे लांब फितीची खास योजना असल्याने चौदा फेऱ्यांचा सामना टिपता आला. सावेदादांजवळ तसे साधन नव्हते. म्हणून त्यांचा कुस्तीपट हा संपूर्ण झुंजीचा पुरावा न मानता, झुंजीतील काय दाखवावे याच्या निवडीचा पुरावा मानणे अधिक सयुक्तिक ठरेल.

पुढे, सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांचे डिसेंबर १९०१ मधील स्वागत आणि १९०३ चा दिल्ली दरबार त्यांनी चित्रबद्ध केला. खेळाकडून सार्वजनिक घटनेकडे झालेला हा प्रवास आकस्मिक नव्हे. चालू क्षण हातचा जाऊ न देण्याची सवय आखाड्यानेच लावलेली दिसते.

कार्सन सिटीच्या चित्रणाचा काही भाग आज उपलब्ध आहे. सावेदादांचा कुस्तीपट मात्र नष्ट झाला. ज्या कृतीने क्षण टिकविण्याचा पण केला, तीच टिकली नाही. ‘पहिला’ या बिरुदाची चर्चा आपल्याकडे पुष्कळ होते. त्याऐवजी जुन्या जाहिराती, वर्तमानपत्रांचे अंक व आखाड्यांची दप्तरे गोळा करण्याचे काम नागपूर-विदर्भातील विद्यार्थ्यांनी आपापल्या गावापासून आरंभिले, तर इतिहासाची अधिक सेवा होईल. चित्रफीत गेली, तिच्या काळाची कागदपत्रे तरी जाऊ देऊ नयेत.