प्ले स्टोअरबाहेरचे खेळ आणि रायपूरचा खटला

अँड्रॉइड टॅब्लेटवर प्ले स्टोअर टाळून, एपीके फाइल उतरवूनही खेळ बसवता येतो. त्यासाठी ‘अज्ञात स्रोत’ ही परवानगी द्यावी लागते. भारतात ही वाट रुळण्यात पैशांच्या खेळांचा मोठा वाटा आहे. प्ले स्टोअरमध्ये त्यांना मज्जाव असल्याने ड्रीम11 सारख्या कंपन्या स्वतःच्या संकेतस्थळावरून एपीके देत. सप्टेंबर 2022 मध्ये गूगलने फँटसी क्रीडा व रमीला प्रायोगिक प्रवेश दिला. तोवर ग्राहकांना बाहेरून अॅप घेण्याची सवय लागली होती.

बेकायदा सट्ट्यालाही स्टोअरची गरज नव्हती. ‘महादेव बुक’ प्रकरणात ईडीच्या म्हणण्यानुसार ग्राहक व्हॉट्सअॅपवरून जोडले जात. ऑक्टोबर 2023 मध्ये रायपूरच्या विशेष न्यायालयात तक्रार दाखल झाली. 5 नोव्हेंबरला केंद्राने महादेवसह 22 सट्टा अॅप व संकेतस्थळे रोखण्याचा आदेश दिला.

ऑगस्ट 2025 च्या कायद्याने कौशल्य आणि नशीब हा भेद न करता पैशांच्या सर्व ऑनलाइन खेळांवर बंदी घातली. बँकांना त्यांचे व्यवहार करण्यासही मनाई केली.

या घटनाक्रमातून नियंत्रणाचे तीन टप्पे दिसतात: आधी स्टोअर, मग संकेतस्थळ, शेवटी पैशांचा व्यवहार. फाइल कुठूनही येऊ शकते, म्हणूनच कायदा पैशांच्या वाटेकडे वळला.