कातलेल्या सुताचा झेंडा

पुण्यातला केसरीवाडा तुम्हाला ठाऊक आहे. शाळेच्या सहलीत नाहीतर गणपतीच्या दिवसांत एकदा तरी येऊन गेला असाल. आज पुन्हा या. इथे एक जुनं कापड जपून ठेवलंय. रंग विटलेत, पण मधल्या पट्ट्यावरचे देवनागरीतले दोन शब्द अजून वाचता येतात : वंदे मातरम्. चेहरा काचेजवळ न्या. तुमच्या श्वासाची वाफ काचेवर धरते आणि विरते, तेव्हा समोर काच उरलेली नसते.

२२ ऑगस्ट १९०७. जर्मनीतलं श्टुटगार्ट. सभागृह देशोदेशींच्या समाजवादी प्रतिनिधींनी भरलंय. या परिषदेला लेनिन आलाय, रोझा लुक्झेंबुर्ग आलीय. तुम्हाला भाषा कळत नाही, पण व्यासपीठावर उभी राहिलेली साडीतली बाई कळते. मुंबईच्या पारशी घरातल्या मादाम भिकाईजी कामा. त्या हिंदुस्थानातल्या दारिद्र्याबद्दल, परक्या राज्याबद्दल बोलतात आणि मग हातातलं कापड उलगडतात. वर हिरवा पट्टा, मध्ये केशरी, खाली लाल, आणि लालवर सूर्य नि चंद्रकोर. उठा, या झेंड्याला वंदन करा, असं त्या सांगतात. ज्या देशाला जगाच्या पंगतीत पाटसुद्धा मांडलेला नाही, त्या देशाचा झेंडा! तुम्हीही उठता. पुढे इंदुलाल याज्ञिक हे कापड लपवून हिंदुस्थानात आणतील आणि ते पुण्याला पोहोचेल. कामाबाई स्वतः मात्र १९३५ साली, शरीर थकल्यावरच मुंबईला परततील आणि पुढच्याच वर्षी जातील.

या झेंड्याचं सूत कुणी कातलं, हे त्या दिवशी कुणी विचारत नाही. तो प्रश्न अजून चौदा वर्षं दूर आहे.

१९२१ चा उन्हाळा, बेझवाडा. आजचं विजयवाडा. काँग्रेसची बैठक चाललीय, बाहेर तेलुगूचा गलबला. मछलीपट्टणचे पिंगळी वेंकय्या कितीतरी वर्षं झेंड्याच्या ध्यासानं झपाटलेत. १९१६ साली त्यांनी नमुन्यांचं एक पुस्तकच काढलं होतं. गांधीजी त्यांना सांगतात : लाल नि हिरव्या रंगावर चरखा काढून द्या. चरख्याची कल्पना जालंधरच्या लाला हंसराजांची. वेंकय्या तीन तासांत झेंडा आणून देतात, पण तोवर बैठकीपुढे ठेवायची वेळ निघून गेलेली असते. तुम्हाला हळहळ वाटते. गांधीजींना नंतर वाटतं, उशीर झाला ते बरंच झालं. कारण विचार करायला सवड मिळाली आणि ध्यानात आलं की लाल-हिरव्यात बाकीच्या धर्मांना जागाच नाही. म्हणून पांढरा रंग आला, आणि तोही सगळ्यांत वर, कारण संख्येनं लहान असलेल्यांना मोठ्यांनी सांभाळायचं असतं. झेंड्याच्या सगळ्या इतिहासात मला हा विचार सर्वांत मोलाचा वाटतो.

आणि दुसरी अट : झेंडा खादीचाच हवा. हा हट्ट नीट समजून घ्या. मँचेस्टरच्या कापडावर चरख्याचं चित्र काढलं तर ते चित्र खोटं. घराघरात कातलेल्या सुतानंच झेंडा व्हायचा, म्हणजे तो उभारायच्या आधीच शेकडो हातांतून गेलेला असेल.

आता नागपूरला या. १९२३ चा मे महिना. नागपूरचं ऊन तुम्हाला सांगायला नको. रस्त्यावरची माती चपलेच्या तळव्यातून पोळते. १ मेपासून रोज एक लहानशी तुकडी झेंडा घेऊन सिव्हिल लाइन्सकडे निघते. साहेबांच्या त्या वस्तीत हा झेंडा न्यायला बंदी आहे. सत्याग्रह जमनालाल बजाजांनी उभा केलाय. आज तुकडीत तुम्ही आहात आणि काठी तुमच्या हातात आहे.

काठी बांबूची, हाताच्या घामानं गुळगुळीत झालेली. वरचं कापड जाडंभरडं. वारा नसला की ते फडफडत नाही, नुसतं लोंबतं, आणि त्याची कडा तुमच्या गालाला लागते. खरखरीत. सूत सारख्या जाडीचं नाही. मध्येच एखादी गाठ, मध्येच बारीक पडलेला धागा. कुणीतरी नवशिकं कातायला बसलं होतं, एवढं त्यातून कळतं. शेजारचा म्हातारा म्हणतो, "काहून थांबलास, बाप्पा? चल. अन् झेंडा खाली टेकू देऊ नको." पुढे पोलिसांची रांग आहे. कुणी हात उचलत नाही, कुणी पळत नाही. तुम्हाला पकडतात, काठी काढून घेतात. उद्या दुसरी तुकडी, परवा तिसरी. गुजरातेतून, बिहारमधून, मद्रासेकडून माणसं आगगाडीनं नागपूरला उतरतात, ती तुरुंगात जायलाच. विनोबा आत जातात. जूनमध्ये बजाज आत जातात, मग वल्लभभाई पटेल धुरा घेतात. हजाराहून अधिक माणसं सक्तमजुरीला गेल्यावर, १८ ऑगस्टला मिरवणूक सिव्हिल लाइन्समधून जाते. रस्ता काही फर्लांगांचा. त्याला साडेतीन महिने लागले.

वाटेत नंदुरबारला थांबा, क्षणभरच. ९ सप्टेंबर १९४२. शिरीषकुमार मेहता पंधरा वर्षांचा आहे, तिरंग्याच्या मिरवणुकीत आहे आणि गोळीबार सुरू झालाय. इथे मला जास्त लिहवत नाही. तुम्ही त्या चौकात कधी गेलात तर हात जोडा.

२२ जुलै १९४७, दिल्ली, संविधान सभा. मधल्या काळात, १९३१ साली, पट्टे बदललेत : वर केशरी, मध्ये पांढरा, खाली हिरवा, पांढऱ्यावर चरखा. झेंड्यासाठी राजेंद्रप्रसादांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली होती. तिच्यात आझाद आहेत, सरोजिनी नायडू आहेत, राजाजी आहेत, डॉ. आंबेडकर आहेत. नेहरू ठराव मांडायला उभे राहतात. नव्या झेंड्यातून चरखा गेल्याचं अनेकांच्या मनाला लागलंय, म्हणून ते कारण समजावून सांगतात. झेंडा दोन्ही बाजूंनी सारखा दिसायला हवा. चरख्याला एका अंगाला चाक आणि दुसऱ्या अंगाला चाती. मागून पाहिलं की सगळं उलटं. चाक तेवढं ठेवलं तर ही अडचणच राहत नाही. म्हणून सारनाथच्या सिंहस्तंभावरचं चक्र घेतलं, गडद निळं, पांढऱ्या पट्ट्याच्या रुंदीएवढं.

ठरावाचे शब्द नीट ऐका. पुढे सत्तर-पंचाहत्तर वर्षं आपण ते विसरून गेलो. हे चक्र चरख्याचं प्रतीक आहे, असं त्या ठरावातच म्हटलंय. चरखा काढून टाकलेला नाही. तो चक्रात आहे. नेहरू सभागृहाला दोन झेंडे दाखवतात, एक रेशमी खादीचा, दुसरा सुती खादीचा. सगळं सभागृह उभं राहून ठराव मंजूर करतं. तुम्ही उभेच आहात.

पण त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये मराठवाड्यात हा झेंडा लावता येत नाही. तिथे अजून निजामाचं राज्य आहे आणि तिरंग्यासाठी स्वामी रामानंद तीर्थ तुरुंगात जातात. मराठवाडा मोकळा व्हायला १७ सप्टेंबर १९४८ उजाडावा लागतो.

म्हणूनच आपला शेवटचा मुक्काम नांदेड. मराठवाडा खादी ग्रामोद्योग समितीच्या कार्यशाळेत तिरंगा शिवला जातो. जिथे तो लावायला बंदी होती, तिथून आज तो देशभर जातो. देशात अशी ठिकाणं फार थोडी; दुसरं मोठं नाव हुबळीजवळच्या बेंगेरीचं.

आत या, बसा. कापड उदगीरच्या केंद्रात हातमागावर विणलेलं आहे, प्रक्रियेला अहमदाबादला जाऊन आलंय. टेबलावर तिन्ही रंगांचे पट्टे पसरलेत. लांबी-रुंदीचं प्रमाण ३:२, आणि मापं ठरलेली नऊच : सर्वांत मोठं ६३०० गुणिले ४२०० मिलिमीटर, सर्वांत लहान १५० गुणिले १००, टेबलावर ठेवायचं. मधलं एखादं माप मागितलं तरी मिळणार नाही. आपल्या देशानं वस्तूंची मानकं लिहायला घेतली तेव्हा पहिला क्रमांक या झेंड्याला दिला, १९५१ साली. रंगाची छटा, धाग्यांची संख्या, कापडाची ताकद, सगळं तपासलं जातं.

चक्राचं काम बघा. चोवीस आरे. एका बाजूला छापायचं, कापड उलटायचं आणि मागच्या चक्राचा प्रत्येक आरा पुढच्या आऱ्यावर तंतोतंत बसवायचा. जरा सरकला तर दोन चक्रं दिसतात आणि तो झेंडा बाद. नेहरूंनी सभागृहात सांगितलेली ती गोष्ट, दोन्ही बाजूंनी सारखं, इथे रोज हातानं साधली जाते. मग काठीकडच्या बाजूला जाड खादीची पट्टी शिवतात, तिच्यातून दोर ओवतात आणि दोराला लाकडी गिट्टी बसवतात. शिवणाऱ्या बाईंच्या मशीनखालून कापड सरकतं, पण पायाखाली ते कधी येऊ देत नाहीत.

३० डिसेंबर २०२१ ला ध्वजसंहिता बदलली आणि यंत्रावरच्या पॉलिस्टरच्या झेंड्यालाही परवानगी मिळाली. घरोघरी झेंडा पोहोचावा हा त्यामागचा हेतू मला मान्य आहे, त्याचा आनंदही आहे. तरीही हे चुकलं, असं मी स्पष्ट म्हणेन. ज्या चक्राचा अर्थ चरखा आहे ते चक्र कातल्याविना झालेल्या कापडावर शोभत नाही, आणि वर्षभर सूत कातून, माग चालवून पोट भरणाऱ्यांचं काम त्यामुळे हिरावलं जातं.

येत्या पंधरा ऑगस्टला झेंडा घ्याल तेव्हा पंधरा दिवस आधी खादी भांडारात जा. थोडे पैसे जास्त पडतील, ते द्या. आणि घेण्याआधी कापडाची कडा एकदा बोटांत धरून पाहा. सूत थोडं खरखरीत लागलं पाहिजे.