‘दीवार’ ते ‘सत्या’: शरण जायचा रस्ता कुठे गेला?

मंडळी, हिंदी गँगस्टर सिनेमातलं प्रेम म्हणजे दोन गाणी आणि मध्यंतर, असं समजू नका. गुंडाला परत माणसात येता येईल का, हा प्रश्न दर वेळी त्याच्या प्रेयसीच्याच दारात येऊन थांबतो.

१९७५ चा ‘दीवार’ घ्या. अनिता गरोदर आहे हे कळल्यावर विजय लग्न करायचं आणि पोलिसांना शरण जायचं ठरवतो. म्हणजे शरण जाणं हा पर्याय त्याच्या डोक्यात येतो तरी. तीनच वर्षांपूर्वी, १९७२ मध्ये, जयप्रकाशजींपुढे चंबळच्या डाकूंनी शस्त्रं ठेवली होती. सलीम-जावेदनी ते मनात धरून लिहिलं असा माझा दावा नाही, पण काळ तो होता. पुढे सामंत अनिताला मारतो, लग्नासाठी जपलेली साडी तशीच राहते आणि विजय सूडाला निघतो.

आता थेट १९९८, ‘सत्या’. मधल्या काळात मुंबई पार बदलली. ११ जानेवारी १९८२ ला वडाळ्यात मन्या सुर्वे चकमकीत मारला गेला आणि आठवड्याभरात, १८ जानेवारीला, गिरणी संप सुरू झाला. लालबाग-परळची पोरं बेकार झाली, त्यातली काही टोळ्यांत गेली. नव्वदीत तर चकमकीच्या बातम्या रोजच्याच.

म्हणून सत्याला शरण जाण्याचा विचारसुद्धा शिवत नाही. दुबईला पळायचं, एवढंच. तरी जाण्याआधी तो विद्याला भेटायला येतो. ती दार उघडत नाही. तो तिच्या दारातच गोळ्या खाऊन मरतो. वर्षभराने ‘वास्तव’मध्ये तर रघूची सुटका आईच्याच हातून, गोळीनेच होते. (मला विचाराल तर शेवट म्हणून ‘सत्या’चा जास्त खरा. ‘वास्तव’चा रडवतो, पण आईला देवी करून टाकतो.)

या सगळ्यात मला खटकतं ते वेगळंच. थिएटरात शिट्ट्या भिकू म्हात्रेला पडल्या. विद्याचं पुढे काय झालं? आजारी बाप, गायची उमेद आणि दारात पडलेलं प्रेत. रघूच्या मागे बायको आणि लहान मूल राहतं, तिचं काय? चकमकीनंतर पेपरात मेलेल्याचं टोपणनाव आणि गुन्ह्यांचा आकडा यायचा, त्याच्या घरातल्या बाईबद्दल क्वचितच काही. सिनेमाने निदान तिचं दार तरी दाखवलं. त्या काळात गिरणगावात, डोंगरीत राहिलेल्यांनी अशा घरांबद्दल जरूर लिहा, नावं न घेता.