क्रूझरची लोखंडी मुसकी

इंग्लंडमधल्या क्रूझर नावाच्या घोड्याजवळ जायला मोतद्दारही धजावत नसत. लॉर्ड डॉर्चेस्टरचा हा शर्यतीच्या जातीचा घोडा माणसांवर धावून जाई, म्हणून त्याच्या तोंडाला लोखंडी मुसकी घातलेली असे. १८५८ मध्ये अमेरिकेतल्या ओहायोहून आलेल्या जॉन रेरीने त्याला काही तासांत शांत केलं.

चाबकावर रेरीचा विश्वास नव्हता. घोड्याचा पुढचा एक पाय दुमडून वादीने बांधायचा, धडपडून तो थकला की त्याला आडवं करायचं आणि मग अंगभर हळूहळू हात फिरवत राहायचं, अशी त्याची रीत. आज ती जबरदस्तीच वाटेल. पण तिच्यामागचं निरीक्षण मोलाचं होतं: घोडा बहुधा खोडसाळपणाने नव्हे, तर भीतीने लाथ झाडतो. अनोळखी वस्तू त्याला नीट पाहू दिली, हुंगू दिली, की त्याचं बुजणं कमी होतं. व्हिक्टोरिया राणीनेही रेरीचे प्रयोग पाहिले.

पशुवैद्यकाने मात्र वर्तनाला स्वतंत्र स्थान द्यायला फार वेळ घेतला. फ्रान्समधल्या ल्योंच्या, जगातल्या पहिल्या पशुवैद्यक विद्यालयाची स्थापना १७६१ ची. अमेरिकेत पशुवर्तनाला विशेषज्ञ शाखा म्हणून मान्यता मिळाली ती थेट १९९३ मध्ये.

त्यानंतर प्राण्यांचं वागणं आणि हावभाव समजून घेण्याच्या कामाला वेग आला. २०१४ मध्ये घोड्याच्या चेहऱ्यावरून वेदना मोजणारी श्रेणी प्रसिद्ध झाली. मागे ताठरलेले कान, आक्रसलेले डोळे, ताणलेल्या नाकपुड्या अशा सहा खुणांना प्रत्येकी ० ते २ गुण. २०१९ मध्ये मांजरांसाठीही तशीच श्रेणी आली. तिच्यात मिशांची ठेवणसुद्धा पाहतात.