बोरीवलीच्या वाटा आणि कायद्याची दाद

कान्हेरीच्या डोंगरात लेणी कोरविल्याचे, पाण्याच्या पोढी खोदविल्याचे आणि भिक्षुसंघास शेते अर्पण केल्याचे जे प्राचीन शिलालेख आहेत, त्यांत मागाठाण्याच्या शेताचा उल्लेख आहे, आणि कल्याणच्या एका लोहाराने वाट दान केल्याचीही नोंद आहे. बोरीवलीच्या परिसरात वाट ही अशी प्रारंभापासून पुण्यकर्मांच्या पंक्तीस बसलेली आहे. आणि जी सर्वांसाठी दिली गेली तीवर कोणा एकाचे स्वामित्व नाही, हा भाव पुढे १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याच्या ३७ व्या कलमात सार्वजनिक रस्ते, गल्ल्या व पायवाटा सरकारच्या मालकीच्या ठरवून शब्दबद्ध झाला.

बोरीवली, एकसर, शिंपोली ही त्या काळी ठाणे जिल्ह्याच्या साष्टी तालुक्यातील भातशेतीची गावे. अशा मुलखात बांध हातभर सरकला तरी गाडीवाट अरुंद होते, आणि कुंपण पुढे आले की विहिरीचा रस्ताच तुटतो. अशा तंट्यांसाठी १९०६ चा मामलेदार कोर्टाचा कायदा होता: वहिवाटीच्या रस्त्यास अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या मुदतीत दावा दाखल केल्यास मामलेदाराने मालकीच्या वादात न शिरता केवळ वहिवाट तपासून मनाई हुकूम द्यावा, आणि मालकीचा प्रश्न ज्याला उकरायचा असेल त्याने दिवाणी न्यायालयाची पायरी चढावी. दिवाणी निकालासाठी पेरणी थांबत नाही, हे जाणून केलेला हा कायदा मला आपल्या महसुली परंपरेतील अत्यंत शहाणा कायदा वाटतो.

सार्वजनिक रस्ताच अडला तर मार्ग फौजदारी होता. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १३३ व्या कलमाने पोलिसांच्या अहवालावरून किंवा अन्य कोणत्याही खबरीवरून मॅजिस्ट्रेटला अडथळा काढण्याचा सशर्त हुकूम करता येई. ज्याच्यावर हुकूम निघे त्याला, तो वाजवी आहे की नाही हे ठरविण्यासाठी ज्यूरी मागण्याचा अधिकार होता. ती किमान पाच आणि विषम संख्येच्या सभासदांची असे, प्रमुख व उरलेल्यांपैकी निम्मे मॅजिस्ट्रेटने नेमावेत आणि बाकीचे मागणी करणाऱ्याने सुचवावेत, अशी योजना होती. रस्त्याचा तंटा रस्ता वापरणाऱ्या सामान्य माणसांच्या साक्षीने आणि निर्णयाने मिटावा, ही केवढी सुज्ञ कल्पना! १९७३ च्या संहितेत ती उरली नाही, याची खंत वाटते.

१९२८ साली कुलाब्यापासून बोरीवलीपर्यंत विजेची गाडी धावू लागली, आणि १९५७ साली बोरीवली बृहन्मुंबईत समाविष्ट झाली. तेव्हापासून १८८८ च्या महापालिका कायद्याची ३१२ ते ३१४ ही कलमे येथे लागू झाली, ज्यांपैकी ३१४ व्या कलमाने रस्त्यावरील बांधकाम पूर्वसूचनेविनाही हटविण्याचा अधिकार आयुक्तांना दिला. १९८५ साली ऑल्गा टेलिस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे कलम वैध ठरविले. पदपथावर वस्ती करण्याचा हक्क कोणासही नाही असे सांगतानाच, सूचना देऊन म्हणणे ऐकणे हा नियम आणि सूचनेविना कारवाई हा अपवाद, असेही बजावले. निवारा नसलेल्या माणसाचीही बाजू ऐकली पाहिजे, हे मला सर्वस्वी मान्य आहे. परंतु या स्थित्यंतरात मामलेदारापुढे जो गावकरी दावेदार म्हणून उभा राहत असे, तो महापालिकेच्या दारी केवळ अर्जदार झाला, हे नाकारता येणार नाही.

तथापि जुनी दाद संपलेली नाही. १३३ वे कलम १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १५२ व्या कलमात नांदत आहे, आणि खबर देणारा जमीनमालक असावा अशी अट त्यात नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ९१ व्या कलमान्वये कोणीही दोन माणसे, स्वतःचे विशेष नुकसान न दाखविताही, न्यायालयाच्या परवानगीने सार्वजनिक उपद्रवाविरुद्ध दावा करू शकतात. म्हणून बोरीवलीकरांनी आपल्या गावठाणाच्या जुन्या नकाशांच्या नकला मिळवून जपाव्यात, आणि वाट अडलेली दिसताच विलंब न लावता लेखी खबर द्यावी.