पानिपत पट्ट्यातील टोळ्या आणि त्यांची गाणी

दिल्लीहून उत्तरेकडे निघालेला जी.टी. रोड सोनिपत ओलांडून पानिपतला पोहोचतो. हा रस्ता आणि त्याच्या पश्चिमेला पसरलेला रोहतक-झज्जरचा मुलूख हे हरियाणवी गाण्याचे माहेरघर आहे. गेल्या दीड दशकात याच पट्ट्यातून उत्तर भारतातल्या मोठ्या गुन्हेगारी टोळ्यांना तरुण मुले मिळत आली. गाणे आणि टोळी यांची गाठ इथे पडली, पण ती एका दिवसात पडलेली नाही.

गाण्यातली चुरस इथे फार जुनी. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात सांग हे लोकनाट्य गावोगाव चाले. उघड्यावर तख्ते मांडून रात्र रात्र खेळ होत आणि प्रत्येक सांगीचा, म्हणजे सांग करणाऱ्या कलावंताचा, स्वतःचा बेडा, म्हणजे संच, असे. सोनिपतजवळच्या जांटी कलां गावचे पंडित लखमीचंद आणि सिसाना गावचे बाजे भगत यांच्या चाहत्यांमध्ये सरळ दोन तट होते. कोणाची रागणी, म्हणजे सांगातले गीत, सरस, कोणाचा जबाब खोल, यावर गावे वाद घालत. महाराष्ट्रातल्या कलगी-तुऱ्याच्या सवाल-जबाबाशी या चुरशीचे नाते सहज लक्षात येते. सांगाच्या फडातून जमलेला पैसा कित्येकदा गावची शाळा, तलाव किंवा गोशाळा उभारायला जाई. गायक गावाला बांधलेला होता आणि त्याचा मान गावच ठरवत होते, ही गोष्ट पुढचा बदल समजून घेताना ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

लखमीचंद 1945 मध्ये वारले. पुढच्या काळात सांग मागे पडत गेला. घडा आणि बेंजोच्या साथीवरच्या रागणीच्या स्पर्धा रंगू लागल्या, मग कॅसेट आल्या, लग्नात डीजे आला आणि शेवटी यूट्यूब. हरियाणवी रॅपची वाट या शेवटच्या टप्प्यात रुंद झाली. गुरुग्रामजवळच्या गावाचे नाव लावणारा फाजिलपुरिया 2016 च्या ‘कपूर अँड सन्स’ चित्रपटातून देशभर पोहोचला. हिसार जिल्ह्यातल्या न्योली गावचे नाव लावणारा ढांडा न्योलीवाला हाही त्याच वाटेने आला. श्रोता आता गावच्या चौकात बसलेला नव्हता, तो मोबाइलवर होता. त्या गर्दीत उठून दिसायला बंदूक, जीप, खटले आणि ‘बदमाशी’ हे विषय हुकमी ठरले.

टोळ्यांची सुरुवात मात्र गाण्यात नाही, कॉलेजात झाली. लॉरेन्स बिश्नोई हा चंदीगडच्या विद्यार्थी राजकारणातून पुढे आला. दिल्लीच्या अलीपूर भागातल्या कॉलेजातले जितेंद्र गोगी आणि टिल्लू ताजपुरिया हे एकेकाळचे मित्र विद्यार्थी संघाच्या निवडणुकीवरून वैरी झाले. पुढे खंडणी, दारूचे ठेके आणि जमिनीचे व्यवहार या पैशाच्या वाटांवर त्यांचे वैर पोसले गेले. तुरुंगाने तर एक वेगळेच काम केले. वेगवेगळ्या राज्यांतले कैदी तिथे एकत्र आले आणि शत्रूचा शत्रू तो मित्र या न्यायाने दोन मोठ्या आघाड्या उभ्या राहिल्या. एकीकडे बिश्नोई, कॅनडात गेलेला गोल्डी ब्रार, सोनिपतचा काला जठेडी आणि दिल्लीचा गोगी. दुसरीकडे 2016 मध्ये पोलिस चकमकीत मारल्या गेलेल्या दविंदर बंबीहाच्या नावाने चालणारी टोळी, गुरुग्रामचा कौशल चौधरी, दिल्लीचा नीरज बवाना आणि टिल्लू. सप्टेंबर 2021 मध्ये गोगीला रोहिणीच्या न्यायालयात भर सुनावणीच्या वेळी गोळ्या घातल्या गेल्या. मे 2023 मध्ये टिल्लूचा तिहार तुरुंगात खून झाला. न्यायालय आणि तुरुंग या दोन्ही सरकारच्या ताब्यातल्या जागा. राज्यव्यवस्थेची याहून मोठी नामुष्की शोधावी लागणार नाही.

या वैराची झळ गायकांनाही लागली. 29 मे 2022 रोजी पंजाबच्या मानसा जिल्ह्यात गायक सिद्धू मूसेवाला याची हत्या झाली. सरकारने त्याची सुरक्षा आदल्याच दिवशी कमी केली होती. ऑगस्ट 2021 मध्ये मोहालीत झालेल्या विकी मिड्डुखेडा या युवा नेत्याच्या खुनाचा हा सूड असल्याचे सांगत गोल्डी ब्रारने जबाबदारी घेतली. कोठडीत असताना दिलेल्या आणि मार्च 2023 मध्ये प्रसारित झालेल्या मुलाखतीत बिश्नोईने मूसेवालाला विरोधी टोळीच्या जवळचा ठरवले. गायक खरोखर कोणाच्या बाजूचा आहे, याला टोळ्यांच्या लेखी फारशी किंमत नव्हती. तो कोणाचा समजला जातो यावर त्याचा जीव टांगलेला होता. आरोपी शूटरांमध्ये सोनिपत जिल्ह्यातले तरुण होते. त्यांतला एक सिसानालगतच्या गढी सिसाना गावचा, म्हणजे बाजे भगतांच्या गावाशेजारचाच.

या प्रकरणाचे धागे महाराष्ट्रातही आले. पुणे जिल्ह्यातल्या मंचर परिसरातील एका जुन्या खून प्रकरणात हव्या असलेल्या दोन तरुणांची नावे मूसेवालाच्या हत्येच्या तपासात पुढे आली आणि जून 2022 मध्ये पुणे ग्रामीण पोलिसांनी त्यांना पकडले. एप्रिल 2024 मध्ये अभिनेता सलमान खानच्या वांद्र्यातील घरावर बिश्नोई टोळीशी जोडला गेलेला गोळीबार झाला. त्याच्या पनवेलच्या फार्महाऊसजवळ हल्ला करण्याचा कट रचल्याच्या आरोपाखाली बिश्नोई टोळीच्या एका कथित शूटरला नवी मुंबई पोलिसांनी ऑक्टोबर 2024 मध्ये पानिपतमधून अटक केली. मनोरंजन क्षेत्रातल्या माणसांवर टोळ्यांचे हल्ले मुंबईला नवे नाहीत. कॅसेट व्यवसायातून मोठे झालेले गुलशन कुमार यांची हत्या 12 ऑगस्ट 1997 रोजी अंधेरीत झाली होती. टोळीला संगीत नको असते, संगीतातला पैसा हवा असतो.

बंदोबस्ताचे प्रयत्न मुख्यतः गाण्यांवर झाले. मूळचे कर्नाटकचे आणि चंदीगडमध्ये शिकवणारे प्राध्यापक पंडितराव धरेन्नावर यांच्या याचिकेवर पंजाब-हरियाणा उच्च न्यायालयाने जुलै 2019 मध्ये आदेश दिला, की दारू, अमली पदार्थ आणि हिंसेचे उदात्तीकरण करणारी गाणी कार्यक्रमांतही वाजू नयेत. नोव्हेंबर 2022 मध्ये पंजाब सरकारने शस्त्रांचा गौरव करणाऱ्या गाण्यांवर बंदी घातली. 2025 च्या सुरुवातीला हरियाणात मासूम शर्मा आणि इतर गायकांची अशी काही गाणी यूट्यूबवरून हटवली गेली.

एवढे होऊनही जुलै 2025 मध्ये फाजिलपुरियाच्या गाडीवर गुरुग्राममध्ये गोळीबार झाला. या पट्ट्यातला गायक टोळीचा भाट असण्यापेक्षा तिचे सावज अधिक आहे. त्यामुळे कारवाईचा क्रम बदलायला हवा. आधी तुरुंगातून चालणारे फोन आणि खंडणीचा पैसा रोखला पाहिजे, गाण्यांची पाळी त्यानंतरची.