कातडं बदललं, आवाजाचं काय?

मंडळी, आष्टी म्हटलं की कुणाला बीडची आठवते, कुणाला वर्ध्याची. मी म्हणतोय ती जालना जिल्ह्यातली, परतूर तालुक्यातली. १९८१ साली जालना जिल्हा होईपर्यंत परतूर परभणीत होतं. पाटी बदलली, गाव तेच. आजचा विषयही तसाच आहे: म्युझिक सॉफ्टवेअरच्या प्लगइनची 'स्किन'.

मराठवाड्यात हलगी वाजवायच्या आधी शेकतात. कातडं ताणलं जातं, मग ती खणखणते. म्हणजे हलगीत स्किन हाच आवाज!

कॉम्प्युटरवर मात्र दोन्हींची फारकत झाली. १९९६ साली स्टाइनबर्गने व्हीएसटी आणलं आणि दुसऱ्यांनी लिहिलेले इफेक्ट्स, पुढे वाद्यंही, क्यूबेसमध्ये चालू लागली. पडद्यावर खोटी बटणं, खोटा पत्रा. मग लोकांना वाटलं, चित्रच आहे ना, बदलूया की! विनॅम्पच्या स्किन्सनी तोवर चटक लावलेलीच होती. स्वीडनच्या प्रॉपेलरहेडच्या रीबर्थमध्ये (१९९७) तर पुढे 'मॉड्स' आले. त्यात चित्रांबरोबर ड्रमचे नमुनेही बदलायचे. हलगीच्या सगळ्यात जवळ पोचलेली स्किन तीच.

पुढच्या बहुतेक स्किन्स नुसती चित्रं. २०१४ च्या सीरमचंच बघा. स्किनचं फोल्डर 'सीरम प्रीसेट्स'मधल्या 'स्किन्स'मध्ये टाकायचं, ग्लोबल टॅबमधून निवडायचं आणि प्लगइनची खिडकी बंद करून पुन्हा उघडायची. झालं. जुन्या प्लगइन्समध्ये मूळ चित्रांवरच नवी चढवावी लागत, म्हणून आधी मूळ फोल्डरची कॉपी ठेवायची. फिरत्या बटणाच्या सगळ्या अवस्था एकाच लांब चित्रात एकाखाली एक असतात. मापात थोडी जरी चूक झाली की बटण फिरताना उड्या मारतं.

आता कुणी म्हणेल, आवाज बदलत नाही तर खटाटोप कशाला? तर डोळ्यांसाठी. करड्यावर करडी बारीक अक्षरं, चौदा इंची लॅपटॉप, रात्रीचा एक. दृष्टी अधू असलेल्याला ठळक स्किन मिळाली तर तो काम करू शकतो, नाहीतर नाही. हा फरक मला आवाजाइतकाच मोठा वाटतो.

आणि गाणं दुसऱ्या स्टुडिओत नेलंत, तिथे तुमची स्किन नसली तरी बिघडत नाही. प्रोजेक्टमध्ये बटणांच्या किमती साठवलेल्या असतात, त्यांचा रंग नाही.

एक मात्र सांभाळा. स्किन म्हणजे चित्रं आणि फार तर एखादी मजकुराची फाइल. डाउनलोडमधून 'ईएक्सई' निघाली तर चालवण्याआधी दहादा विचार करा.

असो. तूर्तास एवढंच.